पडद्यावरचं कोकण कोण बांधणार?

२०१६ साली ‘रात्रीस खेळ चाले’ ही मालिका सुरू झाली आणि आकेरीतला तो वाडा बघायला लोक गाड्या करून यायला लागले. घरासमोर फोटो निघाले, रील्स निघाली. त्यातली पात्रं आणि त्यांचे संवाद घरोघरी तोंडपाठ झाले. पण त्या घरातली कुठली वस्तू मूळची आणि कुठली शूटिंगसाठी आणून ठेवलेली, रात्रीच्या प्रसंगात दिवा कुठे टांगायचा हे कुणी ठरवलं, असं विचारणारा प्रेक्षक क्वचितच भेटतो. दिसतं ते सगळं ‘तिथे होतंच’ असं आपण धरून चालतो.

ते तिथे आपोआप नसतं. ते ठरवणाऱ्या माणसाला आपण कला दिग्दर्शक म्हणतो. हल्ली श्रेयनामावलीत ‘प्रॉडक्शन डिझायनर’ हा शब्दही दिसतो. हा शब्द आला हॉलिवूडमधून. १९३९ च्या ‘गॉन विथ द विंड’मध्ये विल्यम कॅमेरून मेन्झिस यांनी सगळ्या सिनेमाच्या दृश्यरूपाची जबाबदारी घेतली होती. त्यांना नुसतं कला दिग्दर्शक म्हणणं अपुरं वाटलं, म्हणून हे नवं पद त्यांच्यासाठी वापरलं गेलं. आज साधारण वाटणी अशी असते: डिझायनर दिग्दर्शक आणि छायालेखकाबरोबर बसून सिनेमाचं एकूण रूप ठरवतो. कला दिग्दर्शक ते रूप आराखडे, सामान, माणसं आणि पैसे यांच्या हिशेबात बसवून प्रत्यक्ष उभं करतो. छोट्या मराठी सिनेमात ही दोन्ही कामं बहुतेक वेळा एकाच माणसाच्या गळ्यात पडतात.

आता तुम्ही म्हणाल, म्हणजे सजावटच ना? नाही. इथेच गल्लत होते. सजावट म्हणजे असलेल्या जागेत छान दिसेल ते ठेवणं. या कामात आधी ठरवावं लागतं की या जागेत कोण राहतं, त्याची परिस्थिती काय, साल कुठलं, ऋतू कुठला. मग त्या उत्तरांतून भिंत, खिडकी, भांडं आणि भिंतीवरचा डाग येतो. हो, डागसुद्धा! सेट नवा बांधतात आणि मग मुद्दाम जुना करतात. आपल्याकडे चिऱ्याची भिंत ताजी असताना तांबूस असते, चार पावसाळे खाल्ले की शेवाळ धरून काळी पडते. पाऊस नैर्ऋत्येकडून येतो, म्हणून त्या बाजूची भिंत आधी काळवंडते. हे वेंगुर्ल्यातल्या कुठल्याही मुलाला न शिकवता माहीत असतं. पण ‘माहीत असणं’ आणि ‘सांगता येणं’ यात फरक आहे, आणि हे करिअर त्या फरकावरच उभं आहे.

एक उदाहरण घेऊ. समजा तुमच्या हातात पटकथा आली आणि पहिल्याच पानावर लिहिलंय: शिरोडा, मे १९३०, पहाट, सत्याग्रही मिठागराकडे निघाले आहेत. शिरोड्याचा मिठाचा सत्याग्रह आपल्याच तालुक्यातला, त्यामुळे तुम्हाला वाटेल की हे सोपं आहे. आता कामाला लागा.

सत्याग्रहींच्या हातात झेंडा द्यायचाय. कुठला? केशरी, पांढरा, हिरवा दिलात तर चुकलात. काँग्रेसने केशरी पट्ट्याचा झेंडा स्वीकारला १९३१ मध्ये. १९३० च्या मे महिन्यात लोकांच्या हातात होता तो पांढरा, हिरवा आणि लाल पट्ट्यांचा, चरखा असलेला झेंडा. दुकानातल्या गल्ल्यात नाणी दिसणार असतील तर त्यावर पंचम जॉर्ज हवा. घरांवर मंगलोरी कौलं चालतील, कारण बासेल मिशनने मंगळुरात कौलांचा कारखाना १८६५ मध्ये काढला होता. पण गरिबाच्या घरावर कौलं असतील की गवत? वि. स. खांडेकर त्या वर्षी शिरोड्याच्याच शाळेत शिकवत होते. त्या शाळेचा प्रसंग आला तर फळा कसा, बाकं होती की मुलं जमिनीवर बसत? मिठागरात मीठ ओढायचं अवजार कसलं? रात्री कंदील की चिमणी? आणि आज त्याच जागी कॅमेरा लावला तर चौकटीत येणारे विजेचे खांब, पाण्याच्या काळ्या टाक्या, नायलॉनची जाळी आणि मोबाईलचा टॉवर कसे लपवायचे?

तोच कॅमेरा आणखी मागे न्या, सतराव्या शतकात, वेंगुर्ल्याची डच वखार गजबजलेली असताना. आता मंगलोरी कौल बाद. मादागास्करहून आलेला गुलमोहर बाद. किनाऱ्यावरची सुरूची बनंही बाद, कारण ती नंतरची लागवड. म्हणजे आज ज्याला आपण ‘टिपिकल कोकण’ म्हणून स्टेटसला लावतो, त्यातला बराच भाग पुसल्याशिवाय तो काळ उभाच राहत नाही.

बघा, एका पानात किती प्रश्न निघाले. पटकथेतून अशी यादी काढणं ही या कामाची पहिली पायरी. मग जागा पाहणं, जुने फोटो आणि कागद शोधणं, म्हाताऱ्या माणसांना विचारणं. मग मापासकट आराखडे, गरज पडली तर छोटी प्रतिकृती. मग खर्चाचा अंदाज. मग सुतार, मोल्डर, पेंटर, वेल्डर यांना घेऊन बांधकाम. शूटिंगच्या दिवशी प्रत्येक वस्तू जागेवर, आणि दुसऱ्या दिवशी तोच प्रसंग पुढे चालू असेल तर पेला काल होता तिथेच. शेवटी सेट तोडायचा. आठ दिवस राबून बांधलेलं गाव दोन दिवसांत भंगारात जातं, आणि राहतं ते फक्त पडद्यावर.

मराठी माणसाला हे काम नवं नाही. उलट, आपला सिनेमा या कामाच्या हातांनीच उभा राहिला. कोल्हापूरचे बाबूराव पेंटर मूळचे मिस्त्री. नाटकांचे पडदे रंगवता रंगवता ते सिनेमाकडे वळले, कॅमेरासुद्धा स्वतः जुळवला. १९२० मध्ये त्यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीचा ‘सैरंध्री’ आला. रंगवलेल्या पडद्यासमोर नट उभे करण्याऐवजी बांधलेले सेट वापरण्याचा पायंडा पाडण्यात त्यांचं नाव पुढे आहे. त्यांच्याच हाताखाली तयार झालेले फत्तेलाल पुढे ‘प्रभात’चे कला दिग्दर्शक झाले. दामले आणि फत्तेलाल यांनी दिग्दर्शित केलेला ‘संत तुकाराम’ १९३६ चा. तो १९३७ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात गौरवला गेला. पुण्यात प्रभातचा स्टुडिओ होता त्याच जागेवर आज एफटीआयआय आहे, आणि तिथे कला दिग्दर्शन आणि प्रॉडक्शन डिझाइन हा तीन वर्षांचा अभ्यासक्रम चालतो.

अलीकडचं नाव तुम्हाला माहीत आहेच, नितीन चंद्रकांत देसाई. जन्म दापोलीचा, म्हणजे कोकणातलाच. शिक्षण कलेचं, छायाचित्रणाचं. १९८७ मध्ये ते फिल्मसिटीत ‘तमस’च्या सेटवर पोहोचले आणि कला दिग्दर्शक नितीश रॉय यांचे साहाय्यक झाले. सुरुवात मोठ्या खुर्चीवरून नव्हती, हे लक्षात घ्या. पुढे ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’, ‘हम दिल दे चुके सनम’, ‘लगान’ आणि ‘देवदास’ या चार सिनेमांसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. ‘लगान’मधलं चंपानेर हे खरं गाव नव्हतं. भुजजवळच्या माळावर ते बांधलेलं होतं. दादासाहेब फाळक्यांच्या काळातली मुंबई दाखवणाऱ्या ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’चं रूपही त्यांचंच.

आता आपल्या तालुक्याशी संबंध असलेली एक गोष्ट, जी फारशी सांगितली जात नाही. आरवलीचे जयवंत दळवी तुम्ही वाचले असतील, निदान ऐकले असतील. मुंबईच्या झोपडपट्टीवरची त्यांची ‘चक्र’ ही कादंबरी १९६३ ची. तिच्यावर १९८१ मध्ये हिंदी सिनेमा आला. स्मिता पाटील यांना त्यातल्या भूमिकेसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, हे बऱ्याच जणांना माहीत असतं. त्याच सिनेमाच्या कला दिग्दर्शनासाठी फिल्मफेअर पुरस्कार मिळाला बन्सी चंद्रगुप्त यांना.

कोण हे बन्सी चंद्रगुप्त? जन्म सियालकोटचा, लहानपण काश्मीरमधलं. सत्यजित राय यांच्या ‘पथेर पांचाली’चे कला दिग्दर्शक तेच. बंगालमधल्या एका खेड्यातलं पडकं घर घेऊन त्यांनी ते अपूच्या कुटुंबाचं घर केलं, आणि जगाला बंगालचं खेडं कळलं ते त्या घरातून. ‘अपराजितो’मधलं बनारसचं घर कोलकात्याच्या स्टुडिओत बांधलेलं होतं. त्याच्या चौकावर पांढरं कापड ताणून छायालेखक सुब्रत मित्र यांनी असा उजेड पाडला की ते खरं बनारसच वाटावं. म्हणजे काश्मीरमध्ये वाढलेल्या माणसाने बंगालचं खेडं उभं केलं, बनारस उभं केलं, आणि अखेरीस आरवलीच्या लेखकाने लिहिलेली मुंबईची वस्तीही.

यातून काय घ्यायचं? ‘कोकणातला सिनेमा कोकणी माणसानेच डिझाइन करावा’ असं म्हणणं भावनेला बरं वाटतं, पण ते खरं नाही. जन्मगाव ही या धंद्यातली पात्रता नाही. पाहणं ही पात्रता आहे. जो नीट पाहील, मोजेल, विचारेल, तो कुठलंही गाव उभं करील. इथे जन्मल्यामुळे तुम्हाला मिळते ती थोडीशी आघाडी. आणि ती आपण रोज वाया घालवतो, कारण जे रोज दिसतं ते आपण पाहत नाही.

विचार करा, तुमच्या आजूबाजूला या धंद्याच्या केवढ्या शाळा आहेत. गणपतीच्या शाळेत माती मळण्यापासून डोळे आखण्यापर्यंत सगळं बघता येतं. सिनेमातला मोल्डर आणि पेंटर हेच करतो. माटोळी बांधताना कुठलं फळ कुठे टांगायचं, वजन कसं तोलायचं हे घरातल्या पोरांना येतं. सावंतवाडीच्या चितारआळीत लाकूड आणि रंग, पिंगुळीत कळसूत्री बाहुल्या आणि चित्रकथी. आणि आपला दशावतार! एक बाक आणि मागे पडदा, एवढ्यावर मोचेमाडची मंडळी कैलास दाखवतात, राजवाडा दाखवतात आणि रणांगणही. कमीत कमी वस्तूंत जागा कशी निर्माण होते याचा याहून चांगला धडा कुठल्या संस्थेत मिळणार? फरक एवढाच की दशावतारात उरलेलं चित्र प्रेक्षक मनात पुरं करतो. कॅमेरा तेवढी सूट देत नाही.

आणि इथे एक गोष्ट हातातून निसटते आहे. जुनी घरं पडताहेत. छप्पर गळतं, वासे वाळवी खाते, दुरुस्तीला माणूस मिळत नाही, मुंबईतल्या भावांचं एकमत होत नाही. मग चिऱ्याचं घर जाऊन स्लॅबचं येतं. त्यात चूक काय? राहणाऱ्याला कोरडं छप्पर हवंच. घर हे काही सिनेमासाठी राखून ठेवायचं संग्रहालय नव्हे. पण घर पाडण्यापूर्वी त्याचं माप तरी घ्यायला काय हरकत आहे? पडवी किती रुंद होती, माजघरात उजेड कुठून यायचा, चुलीमागची भिंत कशी दिसायची, मांगर घरापासून किती लांब, गडग्याची उंची किती, पावसाळ्यात चुडतांची झापं कुठे बांधायची. हे कुठेही लिहिलेलं नसेल तर वीस वर्षांनी कोकणावरचा सिनेमा करणारा माणूस काय करील? तो दुसऱ्या सिनेमातलं कोकण बघून तिसऱ्या सिनेमातलं कोकण बांधील. माड, होडी, लाल माती, लावणीची टोपी, झालं. आणि तुमची मुलं तेच खरं समजतील.

म्हणूनच हे करिअर मला फक्त ‘हटके पर्याय’ म्हणून सुचवायचं नाही. गावाची आठवण नेमकी ठेवणारं हे काम आहे, आणि त्याचे पैसेही मिळतात.

आता दुसरी बाजू. घरी सांगितलंत तर पहिला प्रश्न येईल, “चित्रां काढून पोट भरतला काय रे?” हा प्रश्न हसण्यावारी नेऊ नका, तो रास्त आहे. या धंद्यात सुरुवातीची काही वर्षं साहाय्यक म्हणून जातात. महिन्याचा पगार ठरलेला नसतो, काम सिनेमागणिक मिळतं. दोन कामांच्या मध्ये रिकामे महिने येतात. पैसे उशिरा मिळतात, कधी त्यासाठी फेऱ्या माराव्या लागतात. दिवसरात्र उभं राहून काम, मुंबईत खोलीचं भाडं, आणि सिनेमा चालला तर नाव नटांचं. मुलींनी रात्रीच्या शिफ्टचा, येण्याजाण्याचा आणि राहण्याचा प्रश्न आधीच स्पष्ट विचारून घ्यावा. कामाची बोलणी लेखी करून घ्या, निदान मेसेजवर तरी. मुलगा असो की मुलगी, हा नियम एकच.

आणि हिशेब शिका. नितीन देसाई २ ऑगस्ट २०२३ रोजी, वयाच्या ५७ व्या वर्षी, कर्जतच्या आपल्याच स्टुडिओत गेले. त्यांच्या कंपनीवर कर्जाचा मोठा बोजा होता. एका माणसाच्या जाण्याचं कारण बाहेरून एका ओळीत सांगू नये, आपणही सांगायला नको. पण दोन गोष्टी प्रत्येकाने मनाशी ठेवाव्यात. सेट उभारण्याचं कसब आणि स्टुडिओ चालवण्याचा व्यवसाय ही दोन वेगळी कामं आहेत, दुसऱ्यात उतरताना त्यातल्या जाणकाराचा सल्ला हवाच. आणि पैशाचा किंवा मनाचा ताण एकट्याने वाहायचा नसतो. मित्राला, घरच्यांना, डॉक्टरला वेळेवर सांगायचं असतं.

वाट कुठून आहे? एफटीआयआयच्या अभ्यासक्रमाला पदवी लागते, आणि तीही चित्रकला, उपयोजित कला, शिल्पकला, वास्तुशास्त्र, अंतर्गत सजावट अशा विषयांतली. प्रवेशाची जाहिरात मुळातून वाचा, नियम बदलत असतात. त्याआधीच्या शिक्षणासाठी मुंबईचं जे. जे. आहे, सावर्ड्याचं सह्याद्री कला महाविद्यालय आहे, पणजीचं गोवा कला महाविद्यालय तर आपल्याला मुंबईपेक्षा कितीतरी जवळ. पणजीतच २००४ पासून इफ्फी भरतो. विद्यार्थी म्हणून नाव नोंदवून आठ दिवस जगभरचे सिनेमे बघता येतात. पण बघताना एकदा तरी गोष्ट सोडून फक्त भिंती बघा.

आणि जे बीए, बीकॉम, बीएस्सी करताहेत त्यांनी काय करायचं? दार बंद नाही. या विभागात इतिहास खणून काढणारा लागतो, खर्चाचा तक्ता सांभाळणारा लागतो, वस्तू शोधून आणणारा लागतो, संगणकावर आराखडे काढणारा लागतो. आयटीआयमध्ये सुतारकाम शिकलेल्या मुलाची तर सेटवर पहिल्या दिवसापासून गरज असते. आपल्या भागात शूटिंग येतं तेव्हा बघ्यांच्या गर्दीत उभं राहण्यापेक्षा कला विभागात जाऊन ‘काही काम आहे का’ विचारा. गावात जुना पाट कुणाकडे आहे, रहाट कुणाच्या विहिरीवर शिल्लक आहे, हे बाहेरच्या माणसाला ठाऊक नसतं. ते तुम्हाला ठाऊक असतं. पण ते काम आहे हे विसरू नका, आणि त्याचे पैसे मागायला लाजू नका.

त्यासाठी आधी हातात दाखवायला काहीतरी हवं. म्हणून येत्या सुट्टीत एक करा. एक घर निवडा. आपलं, आजोळचं किंवा शेजारचं, मालकाची परवानगी घेऊन. टेप घ्या, आलेख कागद घ्या. घराचा नकाशा काढा, समोरची भिंत मापाने काढा. प्रत्येक खोलीचा फोटो सकाळी एकदा आणि संध्याकाळी एकदा, आणि फोटोत पट्टी ठेवा, नाहीतर आकार कळत नाही. वस्तूंची यादी करा: मालवणी नाव, कशाची बनलेली, कशासाठी वापरायचे, कधी बंद झाली. घरातल्या म्हाताऱ्या माणसाला विचारा, पन्नास वर्षांपूर्वी इथे काय होतं. मग दळवींची एखादी कथा घ्या आणि ती या घरात घडते असं समजून काय काढावं लागेल, काय आणावं लागेल, किती खर्च येईल ते लिहा. ही वही म्हणजे तुमचा पहिला पोर्टफोलिओ. मुलाखतीला ‘मला सिनेमाची आवड आहे’ हे वाक्य सगळेच घेऊन येतात. अशी वही फार थोडे आणतात.

एक विनंती प्राध्यापक मंडळींनाही. एनएसएसचं शिबिर दरवर्षी कुठल्या ना कुठल्या गावात होतं. रस्ता झाडणं, बंधारा घालणं चालूच राहू दे. त्यातले दोन दिवस गावातली चार जुनी घरं मोजण्याला द्या आणि त्या वह्या ग्रंथालयात नीट ठेवा. दहा वर्षांत वेंगुर्ले तालुक्याचा असा ठेवा तयार होईल की कोकणावर सिनेमा करणाऱ्या प्रत्येकाला आधी आपल्या ग्रंथालयाची पायरी चढावी लागेल. आणि ती वही उघडून समजावून सांगायला तिथे तुमच्यापैकीच कुणीतरी असेल.